१४९२ नंतरची ११७ वर्षे

संपादक महोदय,

स्पेनच्या सहलींची वर्णने हल्ली मराठी पुरवण्यांतून वरचेवर छापून येतात. त्यांत ग्रानादाच्या अल्हम्ब्रा राजवाड्याची कारंजी असतात, फ्लामेंको असतो आणि स्पेनमधल्या शेवटच्या मुसलमान राज्याची राजधानी ग्रानादा हिचा उल्लेख आला की एक ठरलेले वाक्य असते : ‘१४९२ मध्ये ग्रानादा पडले आणि मुसलमानांना स्पेनमधून हाकलून दिले.’ हे वाक्य चूक आहे. १४९२ मध्ये चार महिन्यांची मुदत देऊन हाकलले ते यहुद्यांना. मुसलमानांशी तर तह झाला होता. त्यांच्या वंशजांची हकालपट्टी झाली १६०९ ते १६१४ या काळात, आणि तेव्हा जहाजांवर चढवलेली माणसे चर्चच्या दप्तरात ख्रिस्ती होती. बहुतेकांच्या आजोबा-पणजोबांचाही बाप्तिस्मा झालेला होता. या लोकांना मोरिस्को म्हणतात. मधली ११७ वर्षे गाळली की या इतिहासातली सगळ्यात भयंकर गोष्टच गळते : आधी त्यांना धर्म बदलायला लावला आणि मग तो बदललेला धर्मही राज्याने मान्य केला नाही.

तहाची कलमे २५ नोव्हेंबर १४९१ रोजी ठरली आणि २ जानेवारी १४९२ रोजी शहर स्पेनचे राजा-राणी फर्नांदो-इसाबेल यांच्या ताब्यात गेले. त्या कलमांत मशिदी, वक्फ, काझी, पेहराव, भाषा या सगळ्यांना संरक्षण होते. ज्यांना आफ्रिकेत जायचे असेल त्यांना पहिली तीन वर्षे राजाच्या खर्चाने जहाज मिळणार होते. कोणावरही धर्मांतराची सक्ती होणार नव्हती. ख्रिस्ती धर्म सोडून मुसलमान झालेल्यांनाही त्रास द्यायचा नाही, असे वेगळे कलम होते. पहिली सात-आठ वर्षे हा तह बऱ्यापैकी पाळलाही गेला. ग्रानादाचा पहिला आर्चबिशप एर्नांदो दे तालावेरा याने आपल्या पाद्र्यांना अरबी शिकायला लावले. त्याच्या प्रोत्साहनाने पेद्रो दे अल्काला याने अरबीचे व्याकरण आणि शब्दसंग्रह तयार केला, तो १५०५ मध्ये ग्रानादात छापला गेला. पण मनाने वळलेला माणूसच टिकतो असे मानणाऱ्या या माणसाचा वेग राजदरबाराला परवडला नाही.

१४९९ मध्ये तोलेदोचा आर्चबिशप सिस्नेरोस ग्रानादात आला आणि त्याने तहातली फट शोधली. मूळचे ख्रिस्ती असून मुसलमान झालेले लोक आणि त्यांची मुले इन्क्विझिशनच्या (धर्मभ्रष्ट ख्रिस्त्यांवर खटले चालवणाऱ्या न्यायासनाच्या) अखत्यारीत येतात, असा त्याचा दावा. त्यातूनच डिसेंबर १४९९ मध्ये अशाच एका कुटुंबातल्या मुलीला धरून नेताना अल्बायसिन मोहल्ल्यात अंमलदाराचा खून झाला आणि मोहल्ला उठला. उठाव झाला म्हणजे तह रयतेनेच मोडला, सबब तो राजावर बंधनकारक राहिला नाही, असा युक्तिवाद लगेच पुढे आला. शिक्षा टाळायची तर बाप्तिस्मा घ्या. माणसे इतकी होती की एकेकाला काही शिकवणे, विचारणे सोडाच, गर्दीवर पाणी शिंपडून बाप्तिस्मे उरकले. बिब-रांब्ला चौकात अरबी हस्तलिखितांची होळी झाली. त्यातून वैद्यकाचे ग्रंथ तेवढे वगळून अल्काला विद्यापीठात पाठवले. अल्पुहारा डोंगरातले उठावही १५०१ पर्यंत मोडून काढले.

फेब्रुवारी १५०२ मध्ये सगळ्या कॅस्टीलसाठी (स्पेनमधले सर्वांत मोठे राज्य; ग्रानादाही त्यातच) हुकूम निघाला : ख्रिस्ती व्हा किंवा जा. ‘जा’ हा शब्द कागदावरच होता. जायचे ते उत्तरेच्या बिस्केच्या बंदरांतूनच, आणि जवळच्या उत्तर आफ्रिकेत किंवा तुर्की मुलखात जायला मनाई. अंदालुसियातल्या शेतकऱ्याने बायकामुले घेऊन अख्खा देश ओलांडायचा आणि तिथून इजिप्तपर्यंत समुद्रप्रवास करायचा, हे जमणार कोणाला? बहुतेकांनी बाप्तिस्मा घेतला.

अ‍ॅरागॉनच्या राज्यात (स्पेनचा पूर्वेकडचा भाग; व्हॅलेन्सिया त्यातच) गोष्ट वेगळ्या वाटेने त्याच जागी आली. १५२१ च्या सुमारास व्हॅलेन्सियात कारागिरांच्या संघांनी सरदारांविरुद्ध बंड केले. सरदारांच्या जमिनी कसणारी कुळे मुसलमान होती, म्हणून बंडखोरांनी त्या कुळांना जिवाच्या धाकाने बाप्तिस्मे दिले. बंड मोडल्यावर प्रश्न आला की हे बाप्तिस्मे खरे धरायचे का. १५२५ मध्ये धर्मपंडितांच्या मंडळाने निर्णय दिला : खरे. त्यामागे तेराव्या शतकाच्या सुरुवातीचे पोप इनोसंट तिसरे यांचे सूत्र होते. हातपाय बांधून, माणूस नको नको म्हणत असताना पाणी ओतले तर तो बाप्तिस्मा नव्हे. पण मरणापेक्षा बाप्तिस्मा बरा म्हणून त्याने मान खाली घातली, तर ती निवड झाली आणि निवड म्हणजे संमती. मुसलमानांना हाकलणार नाही अशी शपथ राजा चार्ल्स पाचव्याने राज्यावर येताना घेतली होती. पोप क्लेमेंट सातवे यांनी १५२४ मध्ये त्याला त्या शपथेतून मोकळे केले. १५२६ उजाडता उजाडता स्पेनच्या भूमीवर कायद्याने एकही मुसलमान उरला नाही.

पुढे काय चुकले, याचे उत्तर बहुतेक लेखक ‘मोरिस्को मनातून मुसलमानच राहिले’ असे एका ओळीत देतात. पुष्कळसे राहिले, हे खरेच. पण त्यांना दुसरे काही होण्याची सोय कोणी केली होती का? व्हॅलेन्सियात मोरिस्को गावांसाठी नव्या पॅरिश (स्थानिक चर्चचे विभाग) काढल्या त्या बाप्तिस्म्यानंतर जवळजवळ दहा वर्षांनी. तिथल्या पाद्र्याला वर्षाला सुमारे ३० लिब्रा (तिथले चलन) मिळत. इतक्या पगारात चांगला पाद्री टिकत नसे आणि अरबी येणारा तर सापडतच नसे. सरदारांनाही कुळे आहेत तशी हवी होती, कारण जुन्या करारांनुसार मुसलमान कूळ ख्रिस्ती कुळापेक्षा जास्त वसूल देत असे.

सगळ्यांत वाईट भाग पैशाचा. १५२६ मध्ये ग्रानादात चार्ल्सच्या देखत भरलेल्या सभेने अरबी भाषा, पेहराव, स्नानगृहे, मेंदी यांवर बंदी ठरवली. मोरिस्कोंनी सुमारे ८० हजार डुकाट (सोन्याची नाणी) भरले आणि ती बंदी स्थगित झाली. व्हॅलेन्सियाच्या मोरिस्कोंनी ४० हजार डुकाट मोजून ४० वर्षांची सवलत मागून घेतली. म्हणजे राज्य सवलत विकत होते आणि लोक ती दर पिढीला विकत घेत होते. दोन पिढ्यांनी तेच राज्य विचारू लागले की तुम्ही अजून बदलला कसे नाहीत! याला मी लबाडी म्हणतो. दुसरा सौम्य शब्द शोधण्याची गरज वाटत नाही.

या लोकांनी आपला धर्म घरात कसा टिकवला, याचा एक अस्सल कागद आहे : उत्तर आफ्रिकेतल्या ओरानच्या अल-वहरानी या मुफ्तीचा १५०४ चा फतवा. उत्तर आफ्रिकेतल्या बहुतेक फकीहांचे (इस्लामी धर्मशास्त्र्यांचे) मत होते की अशा देशात राहूच नये. अल-वहरानीने मात्र राहणाऱ्यांसाठी बारीकसारीक सूचना लिहिल्या. नमाज नुसत्या खुणांनी झाली तरी चालेल; दिवसा जमली नाही तर रात्री भरून काढा. वजूला (नमाजाआधी हातपाय धुण्याला) पाणी नसेल तर हात भिंतीला, मातीला, झाडाला लावा. समुद्रात किंवा नदीत डुंबलात तर ते स्नान धरले जाईल. जकात भिकाऱ्याला दिलेल्या दानातून पोचवा. मूर्तीपुढे वाकवले तर मनातला रोख किब्ल्याकडे (मक्केच्या दिशेकडे) ठेवा. डुक्कर खायला लावले तर ते निषिद्ध आहे हे मनात धरून खा. हा फतवा पुढे मोरिस्कोंच्या स्वतःच्या भाषेतही उतरवला गेला. त्यांच्यातल्या पुष्कळांना, विशेषतः अ‍ॅरागॉनमध्ये, अरबी बोलता येईनासे झाले होते. भाषा स्पॅनिश आणि लिपी अरबी, अशी हस्तलिखिते ते करीत. त्यांना अल्हामियादो म्हणतात. अरबीत ‘प’ नाही, म्हणून ‘ब’वर द्वित्वाची खूण, ‘च’साठी ‘जीम’वर तीच खूण, ‘ए’साठी जबर (‘अ’ची खूण) आणि पुढे अलिफ. १८८४ मध्ये अल्मोनासिद दे ला सिएर्रा या अ‍ॅरागॉनमधल्या गावात जुने घर पाडताना खोट्या तक्तपोशीत अशा हस्तलिखितांचा मोठा साठा सापडला. त्यातली काही पाने ओळख पटण्याआधी पोरांनी जाळली; उरलेला बहुतेक साठा आज माद्रिदमध्ये आहे.

इन्क्विझिशनचे नाव काढले की वाचकांच्या डोळ्यांपुढे छळाची यंत्रे येतात. ती होतीच. पण रोजची दहशत वेगळ्या गोष्टीची होती. चर्चमध्ये फर्मान वाचले जाई : कोणी शुक्रवारी धुतलेला सदरा घालतो का, डुकराचे मांस आणि दारू टाळतो का, जमिनीवर बसून कुसकुस खातो का, मेंदी लावतो का, प्रेत कोऱ्या जमिनीत कुशीवर ठेवून पुरतो का, माहीत असून सांगणार नाही त्याला बहिष्कार. मोलकरीण, शेजारी, देणेकरी, कोणीही तक्रार करी. आरोपीला तक्रारदाराचे नाव कधीच कळत नसे, आणि सुरुवातीला आरोपही सांगत नसत. ‘तुझ्या मनाला काय खाते ते तूच सांग’ असे तीनदा बजावत. अटकेच्या दिवशीच मालमत्तेवर टाच येई आणि कोठडीतला जेवणाचा खर्च त्यातूनच वळता होई. बचावाचा खरा उपयोगी मार्ग एकच होता. आपल्या सगळ्या शत्रूंची नावे आणि भांडणाची कारणे द्यायची. तक्रारदार त्या यादीत निघाला तर त्याच्या साक्षीचे वजन घटे. म्हणजे आपल्याला कोणी बुडवले हे ओळखण्यावर सुटका अवलंबून. पहिल्यांदा कबुली दिली तर प्रायश्चित्त, फटके, पुरुषांना गलबतांवर वल्ही मारण्याची सक्तमजुरी आणि पिवळा झगा. शिक्षा संपली की तो झगा नाव-साल लिहून गावच्या चर्चमध्ये टांगत, म्हणजे नातवंडांनाही तो दिसावा. दुसऱ्यांदा सापडले तर मुलकी अधिकाऱ्यांच्या हवाली, म्हणजे जाळणे.

१ जानेवारी १५६७ रोजी, ग्रानादाच्या शरणागतीच्या वार्षिक दिवसाच्या आदल्या दिवशी, राजा फेलिपे दुसऱ्याचा हुकूम तिथे पुकारला गेला. तीन वर्षांत सर्वांनी स्पॅनिश शिकावे; त्यानंतर घरातसुद्धा अरबी बोलणे, वाचणे, लिहिणे गुन्हा. अरबीतले करार रद्द. अरबी पुस्तके ३० दिवसांत तपासणीला आणून द्यावीत. रेशमी जुने पोशाख एक वर्ष, लोकरी दोन वर्षे वापरता येतील, नंतर नाहीत. स्त्रियांनी चेहरा उघडा ठेवावा. शुक्रवारी आणि सणासुदीला घरांची दारे उघडी ठेवावीत. साम्ब्रा नावाचे गाणे-नाचणे बंद, मुसलमानी नावे बंद, स्नानगृहे पाडावीत.

त्यावर फ्रान्सिस्को नून्येस मुलाय या वयोवृद्ध मोरिस्कोने न्यायालयाचा अध्यक्ष पेद्रो दे देसा याच्यापुढे लेखी निवेदन ठेवले. तरुणपणी तो तालावेराच्या पदरी होता. निवेदनात गयावया नाही, एकेका कलमाला मुद्देसूद उत्तर आहे. पेहराव धर्माचा नसून प्रांताचा असतो. मोरोक्कोतला आणि तुर्कस्तानातला मुसलमान सारखे कपडे घालत नाहीत, मग हा मुसलमानी पोशाख कोणता? जेरुसलेमचे आणि माल्टाचे ख्रिस्ती लोक अरबी बोलतात, ते काय कमी ख्रिस्ती? स्नानगृहांत नोकर बहुतेक ख्रिस्तीच आहेत. चोरून धर्मविधी करायला माणूस अशा ठिकाणी जाईल का? दारे उघडी ठेवली तर चोरांचे फावेल. नावे पुसली तर घराणी कशी ओळखायची? खेड्यातल्या म्हाताऱ्याला उभ्या आयुष्यात जी भाषा आली नाही ती तीन वर्षांत कशी येणार? साम्ब्राबद्दल त्याने आठवण दिली की खुद्द तालावेरा ते वादक मिरवणुकीत नेई, आणि अल्पुहारातल्या उहीहार गावी प्रार्थनेच्या वेळी लॅटिन आशीर्वचनाच्या जागी अरबी शब्द म्हणत असे. निवेदन फेटाळले गेले. याच सुमारास जमिनीच्या मालकीची तपासणीही चालली होती आणि मोरिस्कोंकडचे हक्काचे कागद अरबीत होते. भाषेची बंदी थेट शेतावर येऊन पडली, हे ध्यानात घेतल्याशिवाय पुढचा उठाव समजत नाही.

१५६८ च्या नाताळात अल्पुहारा पेटला. दोन वर्षे दोन्हीकडून क्रूर लढाई झाली, पाद्र्यांची आणि ख्रिस्ती रहिवाशांची कत्तलही झाली. ते झाकायचे कारण नाही. १ नोव्हेंबर १५७० पासून ग्रानादाच्या मोरिस्कोंना, उठावात नसलेल्यांनाही, कॅस्टीलभर विखरून टाकले. सुमारे ८० हजार माणसे पावसाथंडीत पायी निघाली, आणि वाटेत थंडी व तापाने हजारो दगावली. १५७२ च्या हुकुमाने त्यांची गावोगाव यादी झाली, परवान्याशिवाय मुक्काम हलवायला बंदी आली. यातून झाले असे की कॅस्टीलमध्ये पिढ्यान्‌पिढ्या मिसळून गेलेल्या जुन्या मोरिस्कोंवरही नव्याने संशय येऊ लागला.

हकालपट्टीचा निर्णय फेलिपे तिसऱ्याने ९ एप्रिल १६०९ रोजी केला, हॉलंडशी बारा वर्षांचा युद्धविराम झाला त्याच दिवशी. आरमार मोकळे झाले होते. तुर्कांना आणि आफ्रिकी चाच्यांना हे लोक आतून मदत करतील, अशी भीतीही पुढे केली गेली. गुप्तता इतकी की इटलीची गलबते व्हॅलेन्सियासमोर येऊन ठेपेपर्यंत बहुतेकांना पत्ता नव्हता. २२ सप्टेंबरला फर्मान पुकारले : तीन दिवसांत ठरवलेल्या बंदराकडे निघा, अंगावर नेता येईल तेवढेच न्या. घर, शेत, उभे पीक सरदाराला. ते जाळले किंवा पुरले तर अख्ख्या गावाला देहदंड. दर शंभरांतली सहा घरे मागे राहावीत, कारण साखरेच्या घाण्या, भाताची साठवण आणि पाटाचे पाणी सांभाळणारा दुसरा कोणी नव्हता. चार वर्षांखालील मुले आईबापांच्या संमतीने ठेवता येतील. बाप मूळचा ख्रिस्ती आणि आई मोरिस्को असेल तर सहा वर्षांखालची मुले आईसह राहतील. बाप मोरिस्को आणि आई मूळची ख्रिस्ती असेल तर तो एकटा जाईल. आणि प्रत्येक फेरीतले दहा जण परत आणावेत, म्हणजे ते मागच्यांना सांगतील की पलीकडे नीट उतरवतात. प्रत्यक्षात ओरानहून त्लेमसेनच्या वाटेवर टोळ्यांनी अनेकांना लुटले, मारले. ती बातमी आली तेव्हा मुएला दे कोर्तेस आणि लागुआरच्या डोंगरांत हजारो लोक चढून बसले. सैन्याने त्यांना उपाशी ठेवून आणि मारून खाली आणले.

व्हॅलेन्सिया राज्याची जवळजवळ एक तृतीयांश आणि अ‍ॅरागॉनची सुमारे एक पंचमांश वस्ती गेली. एकूण आकडा पावणेतीन ते तीन लाखांच्या घरात. सरदारांनी जमिनींवर काढलेल्या कर्जांचे व्याज याच कुळांच्या खंडातून जात असे. ते थांबताच धनको बुडाले, १६१३ मध्ये व्हॅलेन्सियाची नगर-पेढी बसली. कॅस्टीलमधल्यांना सोने-चांदी न्यायची तर अर्धी राजाला द्यावी लागे. सेव्हिलहून मुसलमानी मुलखात जाणाऱ्यांना सात वर्षांखालची मुले मागे ठेवावी लागत, म्हणून कित्येक जण आधी फ्रान्सला गेले आणि तिथून पुढे. सगळ्यात शेवटी, १६१३-१४ मध्ये, मुर्सियाजवळच्या रिकोते खोऱ्यातले लोक काढले. ते श्रद्धेने ख्रिस्ती आहेत असा अहवाल हुआन दे पेरेदा या डोमिनिकन पाद्र्याने १६१२ मध्येच दिला होता. याच काळात ला मांचातल्या व्हियारुबिया दे लोस ओहोस गावचे मोरिस्को पुन्हा पुन्हा हाकलले गेले आणि पुन्हा पुन्हा चालत गावी परतले. शेजाऱ्यांनी आणि तिथल्या जहागीरदाराने त्यांना सांभाळून घेतले. ‘सगळे स्पॅनिश लोक एका बाजूला’ हे चित्रही म्हणून खरे नाही.

ट्युनिसचा शासक उस्मान दे याने निर्वासितांना जमिनी दिल्या, तेस्तूरसारखी गावे त्यांनी वसवली, लाल शेशिया टोप्यांचा धंदा तिथे भरभराटीला आणला. स्पेनमधल्या ओर्नाचोस गावाहून गेलेल्यांनी मोरोक्कोत साले इथे काही काळ स्वतःचे नगरराज्यच चालवले. स्पेनने २०१५ मध्ये १४९२ च्या यहुदी निर्वासितांच्या वंशजांसाठी नागरिकत्वाचा कायदा केला. मोरिस्कोंच्या वंशजांसाठी तसा कायदा केला नाही. हा भेद अन्याय्य आहे, असे माझे स्पष्ट मत आहे.

आपल्याकडे हा विषय गोव्याच्या निमित्ताने येतो आणि तिथेही गल्लत होते. गोव्यातले १५६० चे इन्क्विझिशन पोर्तुगीज होते. ती संस्था पोर्तुगालमध्ये १५३६ ला स्थापन झाली, स्पॅनिश संस्थेहून वेगळी. साम्य आहे ते हुकुमांच्या घडणीत. १६८३ मध्ये संभाजी महाराजांच्या मोहिमेला तोंड देणारा व्हाइसरॉय काउंट ऑफ आल्व्होर याने पुढच्याच वर्षी फर्मान काढले की तीन वर्षांत गोव्यातल्या लोकांनी आपली बोली सोडून पोर्तुगीज बोलावे. ग्रानादातही मुदत तीनच वर्षांची होती, आणि ती दोन्हीकडे फसली. १७३६ च्या गोव्यातल्या हुकुमात तुळस, चोळी, धोतर, मिठाशिवाय शिजवलेला भात यांवर बंदी आहे. बाटलेल्या माणसाला त्याच्या ताटावरून आणि कपड्यावरून ओळखायचे, ही तीच पद्धत. फरक दप्तरांचा आहे. १८१२ मध्ये गोव्याचे न्यायासन बंद झाल्यावर तिथले बहुतेक कागद नष्ट झाले. मोरिस्कोंच्या खटल्यांचे हजारो कागद मात्र माद्रिदमध्ये शाबूत आहेत, म्हणून त्यांच्याबद्दल ढोबळ लिहिण्याला सबब नाही.

ग्रानादाला जाणाऱ्या मराठी पर्यटकांनी अल्हम्ब्राखेरीज दोन ठिकाणे जरूर पाहावीत : दार्रो नदीकाठचे एल बान्युएलो हे जुने स्नानगृह आणि अल्बायसिनमधले सान साल्वादोर चर्च, ज्याच्या आवारात मशिदीचे अंगण अजून आहे. आणि संपादक म्हणून आपल्याला एक विनंती. मुलायच्या निवेदनाची जुनी प्रत माद्रिदच्या राष्ट्रीय ग्रंथालयात आहे. मजकूर फार मोठा नाही, एखाद्या दिवाळी अंकात बसेल. स्पॅनिश उत्तम जाणणारे तरुण आज पुण्यात, मुंबईत, गोव्यात आहेत. त्यांच्याकडून तो थेट स्पॅनिशवरून मराठीत करून घ्यावा आणि सोबत १५६७ च्या हुकुमाची कलमेही छापावीत, कारण मुलायने उत्तरे कलमवार दिली आहेत. हुकूम शेजारी नसेल तर त्याची अर्धी उत्तरे कोणत्या प्रश्नांना आहेत ते वाचकाला कळणार नाही.

आपला,
इतिहासाचा एक अभ्यासक, पुणे